बिज्याचा बैल

त्या वर्षी आमच्या घरात एकही भेंडी अखंड शिजली नाही. मी दारव्ह्याच्या कॉलेजात बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला होते, वनस्पतिशास्त्र घेतलं होतं, आणि आमच्या सरांनी पहिल्याच प्रॅक्टिकलला दाढीचं ब्लेड हातात देऊन सांगितलं होतं की देठाचा काप इतका पातळ आला पाहिजे, की वर्तमानपत्रावर ठेवला तर खालची बातमी वाचता यावी. मला वेड लागायला तेवढं पुरेसं होतं. भोपळ्याचा वेल, आंबाडीच्या काड्या, कपाशीच्या पऱ्हाटीचं खोड, हिरवं म्हणून जे जे उभं होतं ते मी आडवं कापलं. दारातली तुळस तेवढी वाचली, तीही मायच्या धाकानं. बूड टेकून बसणं मला माहीत नव्हतं. आमच्या बोरी अरबच्या स्टँडवर एसटीची वाट पाहतानासुद्धा मी कडुनिंबाची काडी सोलत उभी असायचे, आणि बायका मायला येऊन विचारायच्या, पोरीला बाहेरचं काही लागलं-बिगलं तर नाही ना.

"मंजे, भाजीले चार तरी ठेवशीन का व?" माय चुलीपाशी बसून विचारायची.

"माय, तिच्यात काय हाय ते पाहून राह्यली."

"भेंडीत भेंडी रायते. पाह्यलं ना? आण आता इकडं."

बाबांचा छळ वेगळा होता. ते रविवारी दाढी करायचे, आणि प्रत्येक रविवारी ब्लेड बोथट निघायचं. तोंडाला साबण लावून, गालावर रक्ताचे दोन ठिपके घेऊन ते अंगणात उभे राहायचे आणि मला काही न बोलता माझ्या हातातल्या भेंडीकडे बघायचे.

बाबा वाढई, गावचे सुतार. गावातल्या निम्म्या बैलगाड्या त्यांनी बांधलेल्या आणि उरलेल्या निम्म्या त्यांनी दुरुस्त केलेल्या. घरासमोरच्या छपरीत त्यांचं दुकान होतं, म्हणजे आम्ही झोपायचो, उठायचो, जेवायचो ते सगळं लाकडाच्या भुशात. सकाळी लाकूड तासणाऱ्या वाकसाचा ठक-ठक आवाज सुरू झाला की दिवस सुरू, आणि रंध्याचा सर्रर्र आवाज थांबला की चहा. आमच्या भाकरीतसुद्धा कधीकधी भुसा यायचा. माय म्हणायची, साग असेल तर खा, बाभूळ असेल तर थुंक. हा विनोद आमच्या घरात वीस वर्षं चालला आणि एकदाही शिळा झाला नाही.

बाबा लाकूड ओळखायचे ते नाकानं, कानानं आणि खरं सांगायचं तर जिभेनं. कुणी तुकडा आणून दिला की बोटाच्या पेरानं टकटक करायचे, वाकसानं एक ढलपी उडवायची, हुंगायची, आणि फारच शंका आली तर जिभेचं टोक लावायचं. एक श्वास, आणि निकाल. मी मात्र तोच तुकडा मायच्या चहाच्या गंजात, म्हणजे पातेल्यात, तासभर उकळायचे, मऊ झाला की ब्लेडनं काप काढायचे, लाल रंगात बुडवायचे, आणि दुसऱ्या दिवशी कॉलेजच्या सूक्ष्मदर्शकाखाली ठेवून संध्याकाळी घरी येऊन सांगायचे, की बाबा, ते हेदू होतं.

"ते मी तुले काल सांगतलं," बाबा म्हणायचे.

"तुम्ही अंदाज केला. मी सिद्ध केलं."

"अन् चाह्याचा गंज कोणं काळा केला, तेही सिद्ध कर," आतून माय.

आज लोहाऱ्याच्या औद्योगिक वसाहतीत मी लाकूड तपासायचंच काम करते, आणि लोक मला मोबाइलवर दाराच्या चौकटीचे फोटो पाठवून विचारतात, मॅडम, हा साग आहे का? फोटोवरून मी सांगत नाही. पण एखाद्यानं तुकडा आणून दिला, तर आजूबाजूला कुणी नाही हे बघून मी तो आधी हुंगते. बाबांना हे कळू दिलं नाही.

तर, सरांनी आम्हाला वीस लाकडांचे तुकडे जमवायला सांगितले होते. एकोणीस मी महिन्याभरात जमवले. धावडा, तिवस, ऐन, मोह, शिवण, सगळं बाबांच्या अडगळीतूनच निघालं. विसावा बिजा, पुस्तकातला बिबळा. तो कुठे मिळेना. सर म्हणाले होते की बिज्याची ढलपी पेलाभर पाण्यात टाकली की पाणी आधी चहासारखं होतं, आणि मग उन्हात धरलं तर त्यात मोरपंखी निळी झाक दिसते. मला ती निळी झाक बघितल्याशिवाय जेवण जाईना. मी बाबांच्या मागे लागले. ते एरवी लाकडाबद्दल विचारलं की खुलायचे, पण बिज्याचं नाव काढलं की रंधा जोरात चालवायचे.

"नसन कुठी. एकोणीसवर भागव."

"तांड्यातल्या याडीकडे बिज्याचा बैल हाय ना? त्याच्या खुराची एक कपची मागते."

बाबांचा रंधा थांबला. "कोणाच्या बैलाले ब्लेड लावाचं नाई," ते म्हणाले. एवढंच. मला वाटलं, श्रद्धेचा प्रश्न असेल. श्रद्धेच्या प्रश्नांना त्या वयात मी फार मानत नसे, म्हणून दुसऱ्याच दिवशी सायकल काढली.

हा बैल सगळ्या बोरीला माहीत होता. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे तान्हा पोळा भरतो. मोठे बैल आदल्या दिवशी मिरवून आलेले असतात, आता पोरं आपापले लाकडी बैल दोरीनं ओढत आणतात. काडेपेटीएवढ्या बैलापासून करडाएवढ्या बैलापर्यंत सगळे रांगेत उभे राहतात. त्यात बंजाऱ्यांच्या तांड्याचा बैल सर्वांत जुना. याडीच्या सासऱ्यांच्या वडिलांनी तो घडवला होता. त्यांचं घराणं बैलांच्या पाठीवर मीठ आणि धान्य लादून मुलूखभर हिंडणारं. हिंडणं थांबलं, तांडा जागेवर बसला, आणि सगळ्यांच्या पुढं चालणारा त्यांचा म्होरक्या बैल मेला, तेव्हा म्हाताऱ्यानं त्याची आठवण म्हणून बिज्याच्या ओंडक्यातून हा बैल काढला. ही हकिगत याडी दर तान्ह्या पोळ्याला नव्यानं सांगायची आणि दर वेळी बैल थोडा थोडा उंच व्हायचा.

याडी म्हणजे त्यांच्या बोलीत आई. तिचं खरं नाव फार थोड्यांना ठाऊक होतं. ती दारात उजवा पाय पाटावर ठेवून बसली होती. पायाला फडकं गुंडाळलेलं.

"आव बेटी, बेस," ती म्हणाली. "मिस्त्रीची पोरगी ना तू? झाडं कापते म्हणतात ती?"

मी बैलाच्या कपचीचं विचारलं. मला वाटलं होतं, विनवण्या कराव्या लागतील. याडीनं नुसता हात केला, आणि तिच्या सुनेनं आतून बैल उचलून आणला. काळाभोर, तेलानं चमकणारा, गळ्यात कवड्यांची माळ. सुनेनं तो मांडीवर उलटा केला, आणि मी बघतच राहिले. पोटाखाली वाटीएवढा खड्डा पडला होता. ताज्या तासलेल्या लाकडाचा.

"हे काय याडी?"

"औशध. मले साखर निघाली ना दोन सालाआंदी. लोकं तं बिज्याचा पेला इकत आणतात, रातभर पाणी ठिवतात, सकाळी पेतात. म्या म्हटलं, मले पेला कायले पायजे? माह्या घरी तं आख्खा बैल उभा हाय." ती खुशीत हसली. "रोज एक ढलपी. डाक्टरच्या गोया बंद केल्या. त्या खाल्ल्या की घबराट व्हाची."

"आणि पायाला काय झालं?"

"काटा गेलता पऱ्हाटीत. भरते हळूहळू."

भरत नव्हतं. फडक्याच्या कडेनं दिसत होतं आणि वासही येत होता. पण मी एकोणीस वर्षांची होते, माझ्या हातात बिज्याची कपची होती, आणि मला घरी जायची घाई होती. हे मी लपवत नाही. तो वास मी घेतला आणि सायकलवर टांग टाकली.

दुसऱ्या दिवशी प्रयोगशाळेत मी सर्वांच्या आधी हजर. काप सुरेख आला, त्या वर्षातला सर्वांत सुरेख. काच सरकवली, भिंग खाली आणलं, आणि समोर मण्यांची माळ दिसली. मोठमोठ्या छिद्रांची एक ओळ, मग बारीक बारीक छिद्रं, मग पुन्हा मोठ्यांची ओळ. उन्हाळाभर झाड थांबलेलं असतं आणि मग एकदम पाणी ओढायला लागतं, तेव्हा जे मोठे नळ काढतं त्यांची ती ओळ. वर्षाला एक माळ. बिज्यात अशी माळ बसत नाही. त्याची छिद्रं मोकळी विखुरलेली असतात आणि त्यांत लालसर डिंक भरलेला असतो. मी पुन्हा काप काढला. पुन्हा माळ. पेल्यात ढलपी टाकून खिडकीत धरली. पाणी पिवळट झालं आणि तसंच राहिलं. दुपारपर्यंत मी तो पेला सतरा वेळा उन्हात नेला असेल. सर शेवटी म्हणाले, "अगं, साग आहे तो. बस आता खाली."

मी बसले नाही. चारच्या गाडीनं घरी आले, छपरीत शिरले आणि नाटकातल्या वकिलासारखा हात उंच करून जाहीर केलं, "तांड्याचा बैल खोटा हाय. तो बिजा नाई, साग हाय."

बाबा बशीत चहा ओतत होते. त्यांनी बशी खाली ठेवली. मायनं आतून येऊन दाराची कडी लावली. भर दिवसा आमच्या घराची कडी लागलेली मी पहिल्यांदा पाहिली.

"सांगून टाका आता," माय म्हणाली.

बाबांनी सांगितलं ते मला आजही त्यांच्याच आवाजात ऐकू येतं, कारण ते सांगताना त्यांनी एकदाही वर बघितलं नाही. मी पाच वर्षांची असताना याडीच्या नवऱ्यानं, तांड्याच्या नाईकानं, तो बैल पाय दुरुस्त करायला आणून दिला होता. बाबांनी पायाच्या मापासाठी त्याचा पुठ्ठ्यावर नमुना काढून ठेवला आणि बैल छपरीत भिंतीला टेकवला. त्याच दिवशी एका गाडीच्या चाकाला धाव चढवायची होती. धाव म्हणजे चाकाभोवतीचं लोखंडी कडं. गोवऱ्यांच्या गोल आगीत ते लाल करायचं, चौघांनी चार चिमट्यांनी उचलायचं आणि चाकावर बसवून वरून पाणी ओतायचं. एकदा उचललं की मध्ये सोडता येत नाही.

"तू आली त्या बैलाले शिंगाले धरून ओढत," बाबा म्हणाले. "म्हणे, याले थंडी वाजली, मी शेकते. अन् ठेवला त्याले आगीच्या काठाले. मी पाह्यलं. पण धाव उचलली होती ना. सोडली असती तं चौघाइचे पाय गेले असते."

"मग?"

"मग काय? धाव बसवली, पाणी ओतलं. तवरोक बैलाचं तोंड जळालं होतं, पाठ जळाली होती. तेलानं मुरलेला, पेटला तं इझेच ना. तू टाळ्या पिटत होतीस. म्हणे, ऊब आली त्याले."

बिजा तेव्हाही मिळाला नाही. घरात सागाचा ओंडका होता. बाबांनी महिनाभर नाईकाला टोलवलं, पुठ्ठ्याच्या नमुन्यावरून दुसरा बैल काढला, धुरात धरला, जवसाचं तेल आणि काजळी चोळली. नाईकाच्या डोळ्यांत मोतीबिंदू होते. त्यानं हात फिरवला आणि म्हणाला, मिस्त्री, पाय झकास बसवला.

मी खाली बसले. त्या वर्षी पहिल्यांदाच, बहुधा. माझ्या खिशात ब्लेड होतं आणि मला ते कुठे ठेवावं कळेना.

"आता हे कोठी बोलाचं नाई," बाबा म्हणाले. "नाईक गेला. म्हातारी दोन दिस नाचवते त्याले, नाचवू दे. माह्या हातावर लोकं डोळे मिटून लाकूड ठेवतात, मंजे. तेवढंच हाय आपल्यापाशी."

"बाबा, ती त्याचं पाणी पिते."

बाबांना हे माहीत नव्हतं. मी त्यांना पोटाखालचा खड्डा सांगितला, बंद केलेल्या गोळ्या सांगितल्या, पाय सांगितला. ते उठून गेले आणि चाकाचा तासलेलाच आरा पुन्हा तासायला लागले.

पोळ्याला चार दिवस होते. ते चार दिवस मला अजून अंगावर खाजेसारखे आठवतात. मी पुस्तक उघडायचे, मिटायचे, सायकल काढायचे, पांदणीच्या वळणापर्यंत जायचे आणि परत यायचे. नुसता मान-अपमानाचा मामला असता तर मी गप्प बसले असते, आनंदानं. बाबांची अब्रू एका काचेच्या पट्टीवर लाल होऊन माझ्या डब्यात पडली होती, मी ती फोडून टाकली असती. पण रोज सकाळी तांड्यात एक ढलपी तासली जात होती. बिज्याच्या पाण्यानं तरी तो पाय बरा झाला असता का, हे मला तेव्हा माहीत नव्हतं आणि आज छातीठोकपणे 'नाही' म्हणते. पण म्हातारी ज्याच्या भरवशावर गोळ्या सोडून बसली होती तो भरवसा माझ्या बापानं घडवला होता आणि मी शेकायला ठेवला होता. घरात पुरण शिजत होतं, वड्याची डाळ वाटली जात होती, बाबा लोकांच्या बैलांच्या शिंगांना रंग लावून देत होते, आणि आम्ही दोघं एकमेकांच्या वाटेतून असं सरकत होतो, जणू दोघांच्याही हातात उकळतं तेल आहे.

तान्ह्या पोळ्याच्या सकाळी मी सायकल काढली आणि या वेळी वळणावर थांबले नाही. तांड्यात बैल धुऊन बाजेवर ठेवला होता. याडी त्याच्या शिंगांना बेगड चिकटवत होती. मी समोर उकिडवी बसले आणि एका दमात सगळं सांगितलं. बैल मी जाळला. हा साग आहे. हे पाणी औषध नाही. दवाखान्यात चल.

याडीचा हात बेगडावरच राहिला. सून स्वयंपाकघराच्या दारात उभी. आणि मग मागून चपलांचा आवाज आला. बाबा होते. चालत आले होते, डोक्याला काही नव्हतं.

"मिस्त्री," याडी म्हणाली, "पोरगी म्हंते ते खरं हाय?"

"हाव याडी."

"माहा मानूस गेला, तवा म्या हा त्याच्या उशाले ठिवला होता. त्याचा हात धरून याच्या पाठीवर ठिवला. म्हटलं, तुह्या आजाचा बैल हाय, भेऊ नको, हा रस्ता दाखवन. चौदा साल झाले, तू मले तोंड कसं दाखवत होता रे?"

बाबा उभेच राहिले. मला वाटलं, माफी मागतील, पाया पडतील, काहीतरी करतील. त्यांना ते जमत नव्हतं. याडीनं बैलाला जवळ ओढलं, उलटा केला, खड्ड्यात बोटं घातली. तांड्यातली पोरं तोरणं घेऊन दारापर्यंत आली आणि सुनेनं त्यांना हातानंच परत पाठवलं.

मग याडीनं विचारलं, "ती धाव कोनाच्या गाडीची होती? ज्या आगीत हा गेला ती? आमचीच गाडी होती का रे? त्या सालात आमच्या गाडीचे चाकं तुह्याकडंच होते."

मी बाबांकडे बघितलं. मनातल्या मनात ओरडत होते, हो म्हणा. एक शब्द. तिचा बैल तिच्याच चाकात गेला, तिच्याच घरचं ओझं वाहायला गेला, यापेक्षा चांगलं त्या बैलाचं काय व्हायचं होतं? अख्ख्या जिल्ह्यात ते चाक शोधायला कुणी येणार नव्हतं.

बाबा म्हणाले, "नाई याडी. ती महागावच्या एका मानसाची होती."

याडी त्यांच्याकडे बघत राहिली. आणि मग तिच्या खांद्यांना हिसका बसला, मला वाटलं रडते आहे, तर ती हसत होती. डोळ्यांतून पाणी, आणि हसत होती.

"कसा मानूस हाय रे तू. जवा खरं बोलाचं होतं तवा खोटं बोलला. आता म्या तुह्या तोंडात खोटं ठिवून देल्लं, तं खरं बोलून राह्यला." तिनं बैल सुनेकडे दिला. "ने त्याले. पोरं थांबले हाय. अन् तू मिस्त्री, तू दोरी धर. पुऱ्या गावातून धर. कोनी पुसलं का बैल कोनाचा, तं सांगजो, म्या केला म्हनून."

बाबांनी दोरी धरली. पन्नाशीचा माणूस, पोरांच्या रांगेत, हातात दोरी, दोरीला चाकांवरचा बैल. बोरीच्या चौकापर्यंत लोकांनी विचारलं, आणि प्रत्येकाला त्यांनी सांगितलं. कुणी हसलं, कुणी नाही. एका शेतकऱ्यानं नांगराचं काम त्यांच्याकडून काढून घेतलं. दुसऱ्यानं दिलं.

मी ते नंतर ऐकलं, कारण मी तिथं नव्हते. मी याडीला आणि तिच्या सुनेला घेऊन यवतमाळच्या गाडीत बसले होते. याडीनं सणाचं लुगडं नेसलं होतं आणि रस्ताभर ती माझ्याशी बोलली नाही. दवाखान्यात डॉक्टरांनी फडकं सोडलं, सुनेकडे बघितलं, मग माझ्याकडे. पाय वाचेल, म्हणाले, अंगठ्याचं सांगता येत नाही. अंगठा गेलाच पुढं. कागद पुढं ओढून त्यांनी विचारलं, "साखरेवर आतापर्यंत कोणतं औषध चालू होतं, आजी?"

याडीनं एकदा माझ्याकडे पाहिलं आणि सरळ तोंडानं सांगितलं, "सागवान."

डॉक्टरांनी ते लिहून घेतलं.